पोखरणच्या शेजारची माणसे

श्री. आनंद पटवर्धन यांचा ‘जंग और अमन’ हा २००२ सालचा अनुबोधपट आम्ही येथे खामगावी काही स्नेही मंडळींसह नुकताच पुन्हा पाहिला. परीक्षण मंडळाने सुचविलेली काटछाट बाजूस सारून तो अखंड दाखविण्यास मुंबई उच्च न्यायालयाने २००३ मध्ये मोकळीक दिली, हे सर्वश्रुत आहे. आमचा प्रश्न निराळा आहे. अणुचाचणीच्या शेजारी राहणाऱ्या माणसांना या कृतीत पुरता न्याय मिळाला काय?

मे १९९८ मध्ये पोखरणला पाच स्फोट झाले, तेव्हा गावोगाव पेढे वाटले गेले. शास्त्रज्ञांची नावे मुलांना पाठ झाली. चाचणीस्थळानजीकच्या खेतोलाईचे नाव मात्र आपल्यापैकी कितीजणांच्या कानी पडले? लष्कराच्या सांगण्यावरून तेथील लोक घरे सोडून उघड्यावर आले. परतून पाहतात तो भिंतींना तडे! पुढे कर्करोग वाढला, गाईंना व्यंग असलेली वासरे होऊ लागली, अशी त्यांची तक्रार. किरणोत्सार बाहेर पडलाच नाही, हे सरकारी शास्त्रज्ञांचे उत्तर.

पटवर्धनांनी त्या परिसरातील लोकांना बोलते केले, हे त्यांचे ऋण आम्ही मान्य करतो. परंतु त्यांना पुढे जाण्याची घाई आहे. युरेनियमच्या खाणीजवळचे आदिवासी, पाकिस्तान, जपान, अमेरिका! एवढ्या विस्तारात वाळवंटातल्या माणसाचे दुःख युक्तिवादातला एक पुरावा होऊन राहते. आणि पुरावा म्हणून ते अपुरे आहे. हिरोशिमाचे होरपळलेले देह त्याच पटात पाहिल्यावर प्रेक्षक भूगर्भातला स्फोट आणि नगरावरचा स्फोट यांतला भेद विसरतो. संशयाचे निरसन घरोघरच्या आजारांच्या व मृत्यूंच्या नोंदीनेच होणार.

अर्थात नुसती नोंदही पुरत नाही. १ मार्च १९५४ रोजी बिकिनीच्या स्फोटाची राख राँगेलाप बेटावर पडली. अमेरिकी डॉक्टर तेथील रहिवाशांना वर्षानुवर्षे तपासत राहिले. पुढे अनेक मुलांच्या गळ्यातील ग्रंथीत गाठी निघाल्या. तरी १९५७ मध्ये त्यांना त्याच बेटावर परत धाडले होते, आणि १९८५ मध्ये त्यांनी आपण होऊनच ते सोडले. तेथे मोजदाद होती, माया नव्हती. पटवर्धनांपाशी माया विपुल आहे.

वाचकांनी हा पट अवश्य मिळवून पाहावा. पोखरणचा भाग आला म्हणजे तेथे थांबून तेवढा दुसऱ्यांदा पाहावा.