खोटं मॅलॉक, खरी मेमरी

बार्टन मिलर आणि सहकाऱ्यांचा 1995 चा फझ पेपर वाचाच. मेमरी संपल्याचा देखावा केला, आणि तसे तपासलेले जवळजवळ निम्मे युनिक्स प्रोग्रॅम कोसळले! आज लिनक्सवर हे सोपं आहे. आपली शेअर्ड लायब्ररी (.एसओ फाइल) एलडी_प्रीलोडने आधी लोड करायची, प्रोग्रॅमने मॅलॉक बोलावलं की आपलं मॅलॉक ‘नल’ परत देतं. मूळ कोडला हातही लावावा लागत नाही. (स्टॅटिक लिंक केलेला प्रोग्रॅम यातून निसटतो, त्याला ‘पास’ धरू नका.)

पण निष्कर्ष जपून काढा. लिनक्स सहसा नसलेली मेमरीही देऊ करतं आणि ती खरंच वापरायला गेल्यावर एखाद्या प्रोसेसला मारून टाकतं. तिथे ‘नल’ येतच नाही. म्हणजे प्रोग्रॅम मॅलॉकचं उत्तर तपासतो का, एवढंच आपल्याला कळलं. मेमरी संपल्यावर तो टिकतो का, हा दावा करायचा तर सीग्रुपने मर्यादा घालून वेगळी चाचणी घ्यावी लागेल.