मोडी जाणणारा निरक्षर

रत्नागिरीच्या घरात पणजोबांच्या हातचा कलमबागेचा कागद आहे, मोडीतला. मी मराठीत एम.ए., तरी त्यातली एक ओळ लागत नाही. मोडी म्हणजे बोरूने, हात न उचलता झरझर ओढायची लिपी. 1805 साली सेरामपूरला कॅरीचं मराठी व्याकरण छापलं ते देवनागरीत, कारण मोडीचे खिळेच नव्हते. पुढे ते पाडले, तरी छापखान्यात बालबोधच रुजली. मग छापील वाचेल तो साक्षर. पणजोबा काहीही न विसरता मागे पडले. 2014 साली मोडी युनिकोडमध्ये आली, आता प्रश्न मिटला, हे मला पटत नाही. फॉन्ट सुबक अक्षर दाखवतो. बागेच्या कागदावरचं वळण वेगळंच. आणि आपण? हा मजकूर मी मोबाइलला बोलून सांगितलाय. परवा बँकेत हाताने अर्ज लिहिताना ‘ज्ञ’पाशी अडलो.