निखाऱ्यावरचे मांस आणि 'एल मातादेरो'

लाकडाचे निखारे, त्यांवर लोखंडी जाळी, जाळीवर जाडे मीठ लावलेला गोमांसाचा जाड तुकडा. शेजारी वाटीत चिमिचुर्री : कोथिंबिरीसारखी दिसणारी पार्सली, लसूण, ओरेगानो, लाल मिरची, तेल आणि व्हिनेगर यांची ओली चटणी. अर्जेंटिनात अशा भाजलेल्या मांसाला असादो म्हणतात. तो त्या देशाचा अभिमान आहे. या ताटात कोणाच्या वाट्याला काय आले, हे मला एका कथेवरून तपासायचे आहे.

एस्तेबान एचेवेर्रियाची 'एल मातादेरो', म्हणजे कत्तलखाना, ही ती कथा. ती १८३८ ते १८४० च्या सुमारास लिहिली गेली. लेखक १८५१ साली परागंदा अवस्थेतच वारला आणि कथा छापली गेली १८७१ साली. अर्जेंटिनी कथावाङ्मयाचा आरंभ तिच्यापासून मानतात. हुकूमशहा रोसासविरुद्धचा तिचा निषेध खरा आहे, हे मी आधीच मान्य करून टाकतो.

पुरामुळे ब्युनोस आयर्समध्ये गुरे येत नाहीत. मांसाचा दुष्काळ पडतो. अखेर पन्नास बैल येतात. कापलेला पहिला बैल सबंध रोसासला नजर होतो, कारण त्याला असादो फार प्रिय! आणि आतडी? ती काळ्या व मिश्रवर्णी बाया चिखलातून ओढून नेतात. या बायांची तुलना लेखक करतो ती ग्रीक पुराणातल्या हार्पींशी. ओरबाडून नेणाऱ्या कुरूप पक्षिणींशी.

सबंध बैल गिळणारा तेवढा किळसवाणा नाही. आतडी गोळा करणारे हात मात्र किळसवाणे! या बाया इथे का आल्या, हा प्रश्न कथेला पडतच नाही. तेव्हा त्या शहरातला जवळपास चौथा हिस्सा काळ्या माणसांचा होता. गुलामगिरी संविधानाने रद्द झाली ती १८५३ साली. अभिजन लेखकाची स्वातंत्र्याची तळमळ कत्तलखान्याच्या दाराशी येते आणि नाकाला रुमाल लावते.

आपल्याला हा रुमाल ओळखीचा आहे. माझ्या आजीच्या दोरीवर चान्या वाळत असत. बाहेरून आलेल्या लेखकाने महारवाडा लिहिला की आधी वास येतो, माणूस मागाहून. तोही आला तर. कोणी म्हणेल, मृत जनावराचे मांस सोडा असे बाबासाहेबांनीही १९२७ साली महाडला सांगितलेच होते. सांगितले होते. पण तो स्वाभिमानाचा नकार होता, आतून आलेला, आपल्या माणसांना उद्देशून. एचेवेर्रियाची किळस त्या बायांशी बोलत नाही, त्यांच्याविषयी बोलते. ह्या दोहोंना एकच 'सुधारणा' म्हणणारे समीक्षक आपल्याकडे कमी नाहीत. शाहू पाटोळे यांचे 'अन्न हे अपूर्णब्रह्म' २०१५ साली आले, तेव्हा कुठे आमच्या चुलीचे वर्णन चुलीपाशी बसलेल्याने पुस्तकभर केले.

आज असादोच्या जाळीवरून बहुधा मांसाच्या तुकड्याआधी तीच आतडी उतरतात. कुरकुरीत भाजलेली, लिंबू पिळलेली. रक्ताचे सॉसेजही असते. पाहुण्याला ते मानाने वाढतात आणि चिमिचुर्रीची वाटी पुढे सरकवतात. आतडी तीच, हार्पी आता कोणी आठवत नाही.

कथेतल्या तरुण नायकाला नाव नाही, पण बाणेदार भाषण आहे. मातासिएते या खाटकाला नाव आहे. बायांच्या वाट्याला आरडाओरडा आणि शिव्या.