जामिनाच्या आदेशाचे गद्य

कायद्याचा मी विद्यार्थी नाही. गेली काही वर्षे मात्र जामिनाचे आदेश जमवून वाचायची खोड मला लागली आहे. ते मी गद्य म्हणून वाचतो. माझी कसोटी साधी आहे : आदेशातले आरोपीचे नाव बदलून दुसरे घातले तरी मजकूर तसाच लागू पडत असेल, तर लिहिणाऱ्याने त्या माणसाकडे पाहिलेलेच नाही. ‘गुन्ह्याचे गांभीर्य पाहता’, ‘साक्षीदारांवर दबाव येण्याची शक्यता नाकारता येत नाही’ ही वाक्ये कुणालाही लावता येतात. लग्नपत्रिकेतल्या मजकुरासारखी.

या गद्याचे दोन ठळक नमुने आपल्याच मुंबईतले आहेत आणि दोन्ही टिळकांच्या खटल्यांतले. जुलै १८९७ मध्ये राजद्रोहाच्या आरोपाखाली टिळकांना अटक झाली. मॅजिस्ट्रेटने जामीन नाकारला, उच्च न्यायालयात पार्सन्स आणि रानडे यांनीही नाकारला. ४ ऑगस्टला अर्ज पुन्हा आला तो न्या. बद्रुद्दीन तय्यबजींपुढे, आणि त्यांनी तो मान्य केला. त्यांच्या विचाराचा गाभा असा, की आरोपी खटल्याला हजर राहील की नाही हा मुख्य प्रश्न. शिवाय त्याला बचावाची तयारी करता आली पाहिजे, आणि उद्या तो निर्दोष सुटला तर कोठडीतले दिवस त्याला कोण परत देणार? हा युक्तिवाद तय्यबजींपुढे मांडणारे बॅरिस्टर होते दिनशा दावर.

१९०८ साली टिळक पुन्हा आरोपी झाले. जामिनाचा अर्ज जिनांनी चालवला आणि न्यायासनावर होते तेच दावर. जिनांनी १८९७च्या निर्णयाचा आधार घेतला. दावरांनी अर्ज फेटाळला आणि कोणत्या विचारांनी फेटाळला त्याची चर्चा या टप्प्यावर न करणे शहाणपणाचे, अशी भूमिका घेतली. यावर दावरांना दुटप्पी म्हणून मोकळे होण्याचा मोह पडतो. मला तो पुरेसा वाटत नाही. वकील अशिलासाठी बोलतो, न्यायाधीशाला तसे बोलता येत नाही. आणि जामिनाच्या वेळीच कारणे विस्ताराने लिहिली तर पुढच्या खटल्यावर त्यांची सावली पडते, हेही खरे. तरी त्या मौनाची किंमत लिहिणाऱ्याला पडत नाही. ती आत बसलेल्याने मोजायची असते.

‘जामीन हा नियम, तुरुंग हा अपवाद’ हे वाक्य आता इतके घासले गेले आहे, की त्याचे मूळ कुणी उघडून पाहत नाही. न्या. कृष्ण अय्यर यांनी १९७७ साली बालचंद प्रकरणात ते लिहिले तेव्हा त्यात ‘कदाचित’ होते आणि लगेच पुढे अपवादही होते : पळून जाणे, साक्षीदारांना धमकावणे, पुन्हा गुन्हा करणे. घोषणा होताना ‘कदाचित’ गळून पडले. मला मात्र त्याच वर्षीचा त्यांचा गुडिकांती प्रकरणातला आदेश अधिक प्रामाणिक वाटतो. जामीन बऱ्याच अंशी न्यायाधीशाच्या अंदाजावर ठरतो आणि त्या अंदाजालाच आपण विवेकाधिकार म्हणतो, हे त्यांनी तिथे कबूल केले आहे. स्वतःच्या खुर्चीबद्दल असे लिहिणारे थोडेच.

विशेष कायद्यांनी या अंदाजालाही कुंपण घातले. यूएपीएखाली आरोप प्रथमदर्शनी खरा वाटला की जामीन नाही. आणि २०१९च्या वटाली निकालाने सांगितले, की या टप्प्यावर पुराव्याची खोलात जाऊन छाननी करायची नाही. म्हणजे समीक्षकाने पुस्तक वाचावे, पण शंका घेऊ नये. २०२१ मध्ये नजीब प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने वेगळी वाट काढली. आरोपी पाच वर्षांहून अधिक काळ आत होता आणि अजून २७६ साक्षीदार तपासायचे होते. या आदेशाला माझी नावाची कसोटी लावली तर तो टिकतो. हा २७६चा आकडा दुसऱ्या कुणाच्या आदेशात उचलून ठेवता येत नाही.

पण सगळ्यात जास्त माणसे अडतात ती जामीन मंजूर झाल्यानंतर. मी एकदा शेजारच्या मुलासाठी जामीनदार म्हणून उभा राहिलो होतो. ऐपतीचा दाखला आहे का, सातबारा आहे का, अशी विचारणा झाली. माझी तीन पुस्तके प्रसिद्ध आहेत, असे मी भाबडेपणाने सांगितले. कारकून हसला नाही, एवढाच त्याचा चांगुलपणा. जमीन नसलेल्याचा जामीन चालत नाही, हे बाहेर बाकावर बसलेल्या म्हाताऱ्याला माझ्याआधीपासून ठाऊक होते.

मोतीराम विरुद्ध मध्य प्रदेश राज्य हा १९७८चा निकाल मी त्यानंतर वाचला. मोतीराम गवंडी होता. सर्वोच्च न्यायालयाने जामीन दिल्यावर खालच्या न्यायालयाने दहा हजारांचा जामीनदार मागितला, आणि भाऊ उभा राहिला तर तो व त्याची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून त्याला नाकारले. कृष्ण अय्यर यांनी हजार रुपयांच्या जातमुचलक्यावर त्याला सोडायला सांगितले. आपल्याच देशात दुसऱ्या जिल्ह्यातला माणूस परका कसा, हा त्यांचा सवाल होता.

जानेवारी २०२३ मध्ये, जामीन मिळूनही आतच राहिलेल्या कैद्यांसाठी सर्वोच्च न्यायालयाने सात निर्देश दिले. महिनाभरात जामीनदार मिळाला नाही तर अटी शिथिल करायच्या का, हे न्यायालयाने स्वतःहून पाहावे, असे त्यांत आहे. शेवटचा निर्देश स्थानिक जामीनदाराची अट घालू नये, असा आहे. मोतीरामच्या निकालाला तेव्हा ४४ वर्षे होऊन गेली होती.