तीन वाटा मिळतात तिथे

भांडुपच्या कोकणनगरात, टेंभीपाड्यात तळकोकणातली माणसं दाटीनं राहतात आणि गावचा दशावतार मनात जपून ठेवतात. लहानपणी तो पाहत मी रात्री जागवल्या आहेत. पूर्वरंगातल्या आडदशावतारात काळा वेश, काळा बुरखा आणि लोंबती लाल जीभ घेऊन संकासुर आला की आम्ही पोरं आईच्या पदराआड व्हायचो. वेद पळवणारा असुर समोर नाचायचा आणि त्याला मारणारा विष्णूही समोरच यायचा. देव आणि दैत्य हाताच्या अंतरावर पाहण्याची ही सवय घेऊनच मी पुढे पु. ल. देशपांडे यांचं ‘राजा ओयदिपौस’ वाचलं. सोफोक्लीसच्या ग्रीक शोकांतिकेचं हे मराठी रूप १९७९ सालचं.

या नाटकात देव आणि राक्षस आहेत, पण दिसत कुणीच नाही. अपोलोचं नाव सगळ्यांच्या तोंडी आहे. त्याची वाणी डेल्फीहून येते, तो स्वतः येत नाही. बाईचं तोंड आणि सिंहाचं धड असलेली स्फिंक्स पडदा उघडण्याआधीच मेलेली आहे. सकाळी चार, दुपारी दोन आणि संध्याकाळी तीन पायांवर चालतं ते काय, हे तिचं कोडंसुद्धा सोफोक्लीस सांगत नाही. प्रेक्षकांना ते ठाऊकच होतं. ओयदिपौसनं ‘माणूस’ असं उत्तर दिलं आणि थीब्जची गादी मिळवली. नाटकात उरतो तो हा उत्तर देणारा माणूस. आता त्याच्यापुढे दुसरा प्रश्न आहे: तू कोण?

नावापासूनच अर्थ उलगडू लागतो. ‘इडिपस’ हा इंग्रजी वळणाचा उच्चार आपल्याकडे रुळलेला असताना देशपांडे यांनी मूळ ग्रीकच्या जवळचं ‘ओयदिपौस’ घेतलं. या नावाचा अर्थ सुजलेल्या पायांचा. जन्मल्यावर तिसऱ्याच दिवशी बापानं त्याचे घोटे जखडून त्याला डोंगरात टाकायला दिलं, ती खूण नावात राहिली. पायांचं कोडं सोडवणाऱ्याच्या स्वतःच्या पायांत त्याच्या जन्माचं कोडं आहे आणि रोज हाक ऐकूनही ते त्याला कळत नाही.

नाटक उघडतं तेव्हा नगरात साथ आहे. अथेन्सच्या प्रेक्षकांना याची वेगळी ओळख नको होती, इ.स.पू. ४३० मध्ये त्यांच्याच शहरात साथीनं थैमान घातलं होतं. आधीच्या राजाचा, लायसचा खुनी शोधल्याशिवाय साथ हटणार नाही, असा कौल येतो. ओयदिपौस भर सभेत त्या खुन्याला शाप देतो. तो शाप कुणाला लागणार हे प्रेक्षक जाणतात, तो जाणत नाही. दशावतारातही आख्यान सगळ्यांना पाठ असतं. तरी पहाटेपर्यंत कुणी उठत नाही, कारण काय घडणार यापेक्षा ते माणसाला कसं कळणार, यात जीव गुंतलेला असतो.

आणि कसं कळतं? या नाटकाचं खरं मर्म मला तिथे दिसतं. इथे सत्य उघडं पाडतात ती सांत्वनं. आंधळा द्रष्टा टायरेसियस तर सरळ सांगतो, ‘खुनी तूच’. त्यावर राजा विश्वास ठेवत नाही. मग राणी योकास्ता त्याची समजूत घालते: भविष्यवाण्या खोट्या असतात, लायस मुलाच्या हातून मरणार होता, पण त्याला तर तीन वाटा मिळतात तिथे लुटारूंनी मारलं. ती बोलते धीर द्यायला आणि राजाच्या कानात उरतात ‘तीन वाटा’ एवढेच शब्द. तशाच एका तिठ्यावर त्यानंही एका म्हाताऱ्याला मारलेलं असतं. भविष्यवाणीला जे बळ नव्हतं, ते सहज निसटलेल्या एका तपशिलात निघालं.

पुढे करिंथचा दूत येतो तोही आनंदाची बातमी घेऊन. बापाला मारून आईशी लग्न करशील, या भाकिताची राजाची भीती घालवायला तो सांगतो, ‘करिंथमध्ये ज्यांनी तुला वाढवलं, ते तुझे आईबाप नव्हतेच.’ अ‍ॅरिस्टॉटलनं कथानक उलटं फिरण्याचं उदाहरण म्हणून नेमका हाच प्रसंग निवडला. विंदा करंदीकरांच्या ‘अ‍ॅरिस्टॉटलचे काव्यशास्त्र’मुळे ही चर्चा मराठीत वाचता येते. योकास्ताला सगळं आधी कळतं. ‘पुढे विचारू नकोस’ अशी विनवणी करून ती आत निघून जाते. राजाला वाटतं, आपल्या हलक्या कुळाची तिला लाज वाटली.

शेवटी उरतो म्हातारा धनगर. लेकराची दया आली म्हणून त्यानं ते मारलं नाही, दुसऱ्याच्या हाती दिलं. त्या दयेतूनच सगळा अनर्थ घडला. आपल्या कर्णालाही जन्मतःच सोडून दिलं होतं, पण युद्धाआधी कृष्ण आणि कुंती त्याला खरं सांगतात. तो जाणून आपली बाजू निवडतो. ओयदिपौसला ती सवड मिळत नाही. कळतं तेव्हा सगळं घडून गेलेलं असतं.

म्हणून त्याच्या हाती उरलेली एकमेव कृती पाहावी. योकास्तानं गळफास घेतलेला असतो. तिच्या वस्त्राचे सोन्याचे काटे काढून तो आपले डोळे फोडतो. जन्मताच त्याचे पाय दुसऱ्यांनी जायबंदी केले, डोळे मात्र तो स्वतःच्या हातानं फोडतो. ते अपोलोनं घडवलं, पण घाव माझ्या हाताचा, असं तो सांगतो. देवाच्या लेखी ठरलेल्या आयुष्यात एवढी एक गोष्ट तो आपल्या नावावर करून घेतो. माझ्या मते त्याचं वीरपण इथे आहे. स्फिंक्सला हरवण्यात नाही.

दशावतारात एक लाकडी बाक राजाचं सिंहासन होतो, पेटी-मृदंगाची साथ पुरते आणि बाकी सगळं नटाच्या वाणीवर उभं राहतं. थीब्जच्या राजवाड्यालाही याहून जास्त काही लागत नाही. आमच्या भागातल्या दशावतारी कलावंतांना माझी कळकळीची विनंती आहे: एका रात्री हे आख्यान लावा. आणि वाचकांनी तोवर हे नाटक घरात मोठ्यानं वाचावं, योकास्ता धीर देते त्या प्रवेशाशी थोडं थांबून.