अंदाजाने वाचताना

मराठी आणि गुजराती शेजारी नांदत असल्या की ‘नवरा’ हा शब्द जपून वाचावा लागतो. मराठीत तो पती, गुजरातीत ‘नवरो’ म्हणजे रिकामटेकडा! आमच्या गोडादऱ्यात खानदेशातून आलेली मराठी घरं पुष्कळ. नव्याने आलेल्या बाईने ‘केळवणी’ शब्द ऐकला की तिला लग्नाआधीचं केळवण आठवतं. गुजरातीत केळवणी म्हणजे शिक्षण. शब्द बरोबर ऐकलेला, अर्थ मात्र मनाने आधीच वाढून ठेवलेला.

तत्त्वार्थसूत्राच्या पहिल्या अध्यायात मतिज्ञानाच्या चार पायऱ्या आहेत : अवग्रह, ईहा, अवाय, धारणा. काहीतरी आहे एवढंच जाणवणं हा अवग्रह. ते काय असावं याचा शोध ही ईहा. निश्चय होणं हा अवाय. तो मनात टिकणं ही धारणा. म्हणजे अंदाज घेत शोधणं काही हलकं नाही, ती ज्ञानाचीच पायरी. बिघडतं ते ईहेवरून थेट धारणेवर उडी मारली की.

बहिणाबाई चौधरींना (१८८०–१९५१) आपण असंच वाचलं, असं मला वाटतं. जळगावजवळच्या असोद्याची ही लेक लिहायला शिकली नव्हती. मुलगा सोपानदेव आणि पितांबर चौधरी यांनी टिपलेली तिची गाणी १९५२ मध्ये आचार्य अत्र्यांच्या प्रस्तावनेसह छापून आली. ‘निरक्षर’ एवढं कळलं आणि आपण ठरवून टाकलं : साधीभोळी बाई, सहज सुचलेली गाणी. भाषेचंही तेच. खानदेशची म्हणजे अहिराणी, असं सर्रास म्हणतात. बोली तर लेवा पाटीदारांची.

आता तिचं मनावरचं गाणं पुन्हा वाचून बघा. ती मनाला एक उपमा देते, लगेच दुसरी, मग तिसरी. कुठल्याच उपमेवर थांबून ‘मन म्हणजे हेच’ असं म्हणत नाही. ही भोळेपणाची खूण नव्हे, बरं का. ही ईहा आहे, शोध न सोडणारी. ज्या घाईने आपण तिला वाचलं, ती घाई तिच्यात नाही.

आणि हे पुस्तकापुरतंच थोडंच आहे? अंगठा लावणाऱ्या आजीला ‘तुला काय कळतंय’ म्हणून गप्प करतो, तेव्हाही आपण अंदाजालाच निश्चय समजतो. तिचं म्हणणं एकदा शेवटपर्यंत ऐकावं, मग काय ते ठरवावं.