निकालपत्रातील ‘दुर्बल’ मुलगी

निकालपत्राची समीक्षा साहित्याच्या त्रैमासिकात कशासाठी, असे कोणी विचारील. माझे उत्तर साधे आहे. कादंबरीतल्या शब्दांनी मन हलते. निकालपत्रातल्या शब्दांनी माणूस कोंडला जातो किंवा सुटतो. ज्या कसोटीवर आम्ही प्रस्थापितांचे साहित्य तपासले, त्याच कसोटीवर निकालपत्रही तपासले पाहिजे. यात माणूस स्वतः बोलतो आहे, की त्याच्याविषयी केवळ बोलले जाते आहे?

केरळ उच्च न्यायालयाचा 24 मे 2017 चा निकाल मी या दृष्टीने वाचला. 24 वर्षांची, होमिओपॅथी शिकलेली एक तरुणी. तिने इस्लाम स्वीकारला, पुढे एका मुस्लिम तरुणाशी लग्न केले. वडिलांनी हेबिअस कॉर्पसची याचिका केली. ही याचिका बेकायदा कोंडलेल्या माणसाला मोकळे करण्यासाठी असते. आपल्याला कोणी कोंडलेले नाही, असे मुलगी सांगत होती. तरीही न्यायालयाने तिचे लग्न रद्दबातल ठरवले आणि तिला आईवडिलांच्या ताब्यात दिले. सुटकेसाठी असलेल्या दारानेच तिला कोंडवाड्यात नेले.

यासाठी न्यायालयाने जी भाषा वापरली, ती महत्त्वाची आहे. या वयाची मुलगी दुर्बल असते, तिचा गैरफायदा घेतला जाऊ शकतो, आणि लग्नासारखा निर्णय आईवडिलांच्या सहभागानेच व्हायला हवा, असा तो युक्तिवाद होता. राज्यसंस्था ही प्रजेची पालक, या जुन्या तत्त्वाचा त्याला आधार होता. हे तत्त्व अजाण व असहाय व्यक्तींसाठी आहे. सज्ञान स्त्रीला ते लावायचे तर आधी तिला अजाण ठरवावे लागते. निकालपत्राने नेमके तेच केले.

27 नोव्हेंबर 2017 रोजी ती सर्वोच्च न्यायालयात हजर झाली. आधी तपास यंत्रणेचे कागद पाहावेत की आधी तिला बोलू द्यावे, यावरच बराच वेळ वाद चालला. ज्या खटल्याचा विषय ती, त्या खटल्यात तिचे बोलणे वादग्रस्त! अखेर ती बोलली. तिने स्वातंत्र्य मागितले. 8 मार्च 2018 रोजी ‘शफीन जहान विरुद्ध अशोकन के. एम.’ या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तिचे लग्न वैध ठरवले आणि 9 एप्रिलला सविस्तर कारणे दिली. धर्म आणि जोडीदार निवडणे हा व्यक्तीच्या स्वातंत्र्याचा गाभा आहे, हे त्यात निःसंदिग्धपणे मांडले आहे. हा निकाल मी मोलाचा मानतो. पण मे ते नोव्हेंबर असे सहा महिने ती घरात बंद होती, त्यांची भरपाई कोणत्याही निकालपत्रात नाही.

आमच्या वाचकाला यात नवे काय? बाबासाहेबांनी 1916 साली कोलंबिया विद्यापीठातील आपल्या निबंधात दाखवले की, जात टिकते ती जातीतल्या जातीत लग्न केल्याने. आणि ती टिकवण्यासाठी सती, सक्तीचे वैधव्य व बालविवाह यांनी स्त्रीला जखडले गेले. म्हणजे स्त्रीची निवड हीच या व्यवस्थेची खरी भीती आहे. धर्माच्या कुंपणावर आज जो पहारा दिसतो, तो जातीच्या कुंपणावरचाच जुना पहारा आहे.

उत्तर प्रदेशाचा 2021 चा धर्मांतरविरोधी कायदा पाहा. बेकायदा ठरवलेल्या धर्मांतरात व्यक्ती अज्ञान, स्त्री किंवा अनुसूचित जाती-जमातीची असेल तर शिक्षा अधिक कडक. मूल, स्त्री आणि दलित एका ओळीत! ज्यांना आपले बरेवाईट कळत नाही, त्यांची ही यादी. धर्म बदलण्याआधी 60 दिवस जिल्हा दंडाधिकाऱ्यांना कळवायचे, मग त्यामागच्या हेतूची पोलीस चौकशी. 14 ऑक्टोबर 1956 रोजी नागपुरात लाखो माणसांनी जो निर्णय घेतला, त्याचा हेतू पोलिसांनी तपासायचा होता काय?

यावर आक्षेप येईल की, अत्याचार प्रतिबंधक कायदाही दलितांना वेगळे संरक्षण देतोच. देतो. पण तो कायदा आम्हांला मारणाऱ्याचा हात धरतो. हा कायदा आमच्याच निर्णयावर संशय घेतो. पहिल्यात आम्ही नागरिक आहोत, दुसऱ्यात पाल्य. फसवणूक आणि जबरदस्ती हे गुन्हेच आहेत. पण ते झाले की नाही, हे आधी त्या स्त्रीला विचारा.

आता आपल्या घराकडे वळू. डिसेंबर 2022 मध्ये महाराष्ट्र शासनाने आंतरजातीय व आंतरधर्मीय विवाहांची माहिती घेणारी समन्वय समिती नेमली. टीका झाली, तेव्हा ‘आंतरजातीय’ हा शब्द वगळला गेला. ‘आंतरधर्मीय’ तसाच राहिला. आपल्यापैकी काहींना तेवढ्याने हायसे वाटले. मला ती सुटका फसवी वाटते. ज्या दप्तरात आज शेजाऱ्याच्या मुलीचे नाव लिहिले जाते, त्यात उद्या आपल्या मुलीच्या नावाला जागा असतेच.

आणि आपण तरी काय करतो? व्यासपीठावर जातिनिर्मूलनाची भाषा बोलणारे आपण, मुलीने पोटजातीबाहेरचा मुलगा निवडला तर ‘तिला काय कळते?’ असे विचारतो. केरळच्या निकालपत्रातले वाक्य आपल्या ओसरीवरही बोलले जाते.

गावाऐवजी व्यक्ती हा राज्यघटनेचा घटक मानला, याबद्दल बाबासाहेबांनी 4 नोव्हेंबर 1948 रोजी संविधान सभेत समाधान व्यक्त केले होते. त्या व्यक्तीत मुलगीही येते. तिचा निर्णय आपल्याला पटला नाही तरी येते. हे ज्याला मान्य नाही, त्याने तिच्या रक्षणाची भाषा बोलू नये, मालकीची बोलावी. निदान ती प्रामाणिक तरी असेल.